मासळीचा मसाला : कोरडा आणि ओला

कल्याणीच्या चालुक्यांत तिसरा सोमेश्वर नावाचा राजा होऊन गेला. बाराव्या शतकातला. त्याच्या नावावर ‘मानसोल्लास’ नावाचा जाडजूड संस्कृत ग्रंथ आहे, ११२९ च्या सुमाराचा. राज्य कसं करावं, हत्ती कसे धरावेत, गळ टाकून मासे कसे पकडावेत, जेवावं काय, ऐकावं काय, सगळं त्यात आहे. मासळीची कृतीही आहे. तुकडे करा, धुवा, चिंचेच्या कोळात शिजवा, वर गव्हाचं पीठ भरपूर भुरभुरा, कढत तेलात लालसर तळा, मग सैंधव, वेलदोड्याची पूड आणि मिरपूड टाका. मासळीला लावायच्या मसाल्याचा आपल्या बाजूचा हा एक फार जुना लेखी दाखला.

आता गंमत बघा. त्याच ग्रंथात गाण्याचं प्रकरण आहे, आणि तिथे राजा सांगतो की महाराष्ट्रातल्या बाया कांडताना ओवी गातात. मराठीचे प्राध्यापक हे वाक्य ओवीच्या जुनेपणाचा पुरावा म्हणून वर्गात सांगतात. बरोबरच आहे. पण त्या वाक्यात ओवीच्या जोडीला कांडण आहे, त्यावर कुणी घटकाभर थांबत नाही. नऊशे वर्षांपूर्वीची ती बाई नुसती गात नव्हती, तिच्या हातात मुसळ होतं. भात कांडत होती म्हणा की मिरी कुटत होती म्हणा, मुसळ तेच आणि खांदाही तोच. राजाच्या पुस्तकात मसाला एका पानावर आणि कांडणारी दुसऱ्या पानावर. दोघांची गाठ कुणी घातली नाही. ती घालायची तर मसाल्यातल्या एकेका जिनसेच्या मागे जावं लागतं.

राजाच्या कृतीत काय नाही ते आधी बघू. मिरची नाही. असणारच नाही. मिरची अमेरिका खंडातली. कोलंबस तिकडून परतला १४९३ साली, वास्को द गामा कालिकतला उतरला १४९८ साली, पोर्तुगीजांनी गोवा घेतलं १५१० साली. त्यांच्या गलबतांबरोबर सोळाव्या शतकात मिरची आपल्या किनाऱ्याला लागली. १५९० च्या आसपासच्या ‘आईन-इ-अकबरी’त बादशहाच्या मुदपाकखान्यातले पदार्थ जिनसांच्या वजनासकट दिलेत. त्यात मिरी आहे, मिरची नाही. बादशहाच्या ताटापर्यंत ती तोवर पोचली नव्हती.

आपल्या लोकांनी तिला नवं नावसुद्धा शोधलं नाही. मिरीसारखी झोंबते म्हणून मिरची. तळकोकणात आणि गोव्यात मिरसांग, म्हंजे मिरीची शेंग. मसाला हा शब्द तर अरबी, फारशीच्या वाटेने आलेला. त्याआधीचा शब्द संभार, पाठारे प्रभूंच्या घरात ‘परभी संबार’ म्हणून तो अजून चुलीपाशी आहे. तेव्हा कुणी पाच हजार वर्षांच्या अस्सल मसाल्याच्या बाता मारायला लागला तर त्याला म्हणावं, बाबा रे, आधी त्यातलं तिखट बाजूला काढ आणि मग पुढचं बोल.

मिरची गरिबाच्या घरात का घुसली, हे समजायला पंडित व्हावं लागत नाही. मिरीचा वेल मलबारचा. ती वखारीतून, दलालाच्या हातून, तोळ्यामाशाने यायची. मिरीला समुद्र लागतो, मिरचीला न्हाणीचं सांडपाणी पुरतं. परड्यात दोन रोपं लावली की घराचं भागतं. आणि चिमूटभर तिखटावर ढीगभर भात जातो. भात असला तर.

मिठाची गोष्ट वेगळी आहे. मीठ कोकणच्या मिठागरातच पिकायचं, पेण-उरणपासून शिरोड्यापर्यंत. घरामागे पिकतंय म्हणून ते फुकट नव्हतं. इंग्रज सरकारने मिठावर कर बसवला, १८८८ साली तो मणाला अडीच रुपये होता. एवढा कर ज्याला सोसत नाही त्याची मासळी सडते, कारण मासळीला लावायच्या मसाल्यातली पहिली आणि न टळणारी वस्तू मीठच. म्हणून सरकारने किनाऱ्यावर मासळी खारवायची कुंपणं घातलेली आवारं काढली. तिथे खारवायला स्वस्तात मीठ मिळायचं, पण ते बाहेर न्यायचं नाही. चिमूटभर मीठ लुगड्याच्या ओच्यात बांधून बाहेर आणलं तर तो गुन्हा. १९३० च्या शिरोड्याच्या सत्याग्रहाचं वर्णन पाठ्यपुस्तकात असतं. या आवारांचं नसतं. मिठावरचा कर गेला तो १९४७ साली.

कोकणात पाऊस धो धो. साठवणीच्या लाल मिरचीला कडक ऊन आणि कोरडी हवा लागते, म्हणून ती घाटावरून यायची. संकेश्वरी यायची, ब्याडगी यायची. संकेश्वरी झोंबते जास्त, ब्याडगी रंग देते. बैलांचे तांडे घाट उतरताना धान्य-मिरची आणायचे आणि चढताना मीठ, नारळ, सुकी मासळी न्यायचे. कुंभार्ली, आंबा, फोंडा या घाटवाटांवर कोकणची मासळी आणि देशावरचं तिखट एकमेकांना ओलांडून जात राहिले. दोघांना पाठीवर वाहणाऱ्या लमाण-वंजाऱ्यांचं नाव मसाल्याच्या कुठल्याही डब्यावर नाही.

आणि मसाला वाटायचा तो पाटा? पाटा गुळगुळीत झाला की काही वाटत नाही, मिरचीची सालं नुसती इकडून तिकडे सरकतात. त्याला छिन्नीने टाकी लावावी लागते, बारीक दात पाडावे लागतात. हे काम करणारी जमात टकारी. गावोगाव ‘टाकीऽऽ’ अशी हाळी देत फिरायची. याच लोकांना सरकारने जन्मजात चोर ठरवलं. १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा आला, १९११ साली तो आणखी कडक करून मुंबई इलाख्याला लावला. भामटा या सदराखाली टकारी, पाथरुट, उचले सगळे कोंबले. सोलापूरला तारेच्या कुंपणाआड वसाहत केली, तिथे हजेरी. हा कायदा रद्द झाला १९५२ साली. शिक्का त्याच्या नंतरही पुसला नाही. ज्याने गावातल्या प्रत्येक घरच्या पाट्याला दात दिले तो गावात शिरला की लोक भांडीकुंडी मोजायचे.

हे सगळे हात मसाल्याला लागलेले आहेत. मिठागरात राबणारे, बैल हाकणारे, टाकी लावणारे, कुटणाऱ्या बाया. मग जातीने सगळं नासवणाऱ्या या समाजात मसाला नासला कसा नाही?

याचं उत्तर आमच्या आजीने एका वाक्यात दिलेलं होतं. आजी दापोली तालुक्यातली. आजोबा मुंबईत गिरणीच्या थ्रॉसल खात्यात आणि बिऱ्हाड नायगावच्या बीडीडी चाळीत. उन्हाळ्यात, मसाल्याच्या दिवसांत, ती परळच्या बाजूच्या एका खानावळीत मिरच्या कुटायला जायची. नाव नको, खानावळ आता राहिलेली नाही. उखळ मागच्या गल्लीत, उघड्यावर. दिवसभर कुटायची, चाळायची, पुन्हा कुटायची. नाकातोंडाला पदर. रात्री हात असे पेटायचे की झोप नाही. पाण्याने तिखट जात नाही, ते तेलात उतरतं. म्हणून खोबरेल चोळून मग राखेने हात घासायचे, ही अक्कल सगळ्या कुटणाऱ्या बायांना असते. एकदा खानावळीतली वाटणारी बाई आजारी पडली. आजी म्हणाली, “मी वाटते हुमान्याचं.” तर मालकीण म्हणाली, “बाय, तू मिरच्या तेवढ्या कुटून दे. ओलं आमचं आम्ही बघू.” ही गोष्ट १९५० नंतरची, म्हणजे घटनेने अस्पृश्यता बंद केल्यानंतरची. आजी हे सांगायची तेव्हा हसायची. “माज्या मुसलाला इटाल नाय, वरवंट्याला हाय!”

कोरडं चालतं, ओलं चालत नाही. हा नियम कुठल्या पाटीवर लिहिलेला नव्हता, पण गल्लीतल्या पोरालाही पाठ होता. कोरडा शिधा कुणाकडूनही घ्यावा, शिजलेलं घेऊ नये. मिरची वाळलेली, धणे वाळलेले, हळकुंड वाळलेलं, त्यांना कुणाचाही हात लागला तरी काही बिघडत नाही. त्यात पाण्याचा थेंब पडला की जात जागी होते. मासळीला चोळायच्या मसाल्याचे म्हणून दोन इतिहास झाले. कोरड्या पुडीचा इतिहास सगळ्यांच्या हातांचा. ओल्या वाटणाचा ज्याच्या त्याच्या चुलीपुरता.

हाच नियम गिरणीत होता. विणखात्यात पगार जास्त, आणि तिथे आमच्या माणसाला प्रवेश नाही. कारण काय, तर कांडी बदलताना धोट्यातून धागा तोंडाने ओढून घ्यावा लागायचा, त्याला थुंकी लागायची. कोरडं सूत कातायला अस्पृश्याचे हात चालायचे, ओला धागा चालायचा नाही. १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांच्या पुढ्यात टाकला, तेव्हा त्यांना तो ऐकावा लागला. त्याच्या आदल्या वर्षी, २० मार्च १९२७ ला, महाडच्या चवदार तळ्याचं पाणी. तिथे तर ओलेपणाचाच झगडा. माणसं पाणी प्याली आणि मागून लोकांनी एकशे आठ घागरी शेण-गोमूत्र-दही-दूध ओतून तळं शुद्ध केलं. तळ्याच्या काठची माती कुणी शुद्ध केल्याचं ऐकिवात नाही. ती कोरडी होती.

कोकणातली टोपली घ्या. मासळी वाहायची पाटी, डालगं, सूप, रोवळी हे सगळं बांबूचं विणकाम तिकडे महार समाज करायचा. आयदान म्हणतात त्याला. उर्मिला पवारांच्या २००३ सालच्या आत्मकथनाला नाव तेच. आयदान सगळ्यांना चालायचं, विणणाराच्या हातचं पाणी चालायचं नाही. कच्ची मासळीही चालायची. दापोलीजवळच्या वणंदचे भिकू धुत्रे दाभोळ बंदरातून मासळीच्या पाट्या डोक्यावर घेऊन बाजारात पोचवायचे. पाटीतून खारं पाणी मानेवर गळायचं. ती मासळी कुणी परत केली नाही. तीच मासळी त्यांच्या घरात मसाला लावून तळली असती तर घेणारा मिळाला नसता. या भिकूंची मुलगी म्हणजे रमाई. १९०६ च्या सुमारास तिचं लग्न झालं भायखळ्याच्या बाजारात, बाजार उठल्यावर, रात्री. दगडी ओट्यांवर पाहुणे बसले आणि पायाखाली गटारं. बाबासाहेबांच्या चरित्रात हे लग्न वाचताना लोक गहिवरतात. मला त्यात बाजाराचा वास येतो.

आता घरातल्या मसाल्याकडे येऊ. इतिहासाच्या लेखात कृती कशाला, असं कुणी म्हणेल. पण ज्यांचा कागद नाही त्यांची कृती हाच कागद.

सहा मध्यम बांगडे. पोट साफ करून दोन्ही अंगांना तिरप्या तीन-तीन खाचा. आधी दीड चमचा मीठ, नुसतं मीठ, खाचांत बोट घालून चोळायचं आणि पाव तास ठेवायचं. मीठ मासळीतलं पाणी ओढून बाहेर काढतं. ते पाणी ओतून द्यायचं, नाहीतर तव्यावर मसाला सुटतो आणि मासळी तळायच्या ऐवजी उकडते. मग आंबट. सहा-सात आमसुलं थोड्या पाण्यात भिजवून त्यांचा दाट कोळ. आगळ घेतलं तर मिठाचा हात आखडा, आगळात मीठ असतंच. मासळीचा हिवसा वास ज्याने येतो तो अंश आंबटाने दबतो आणि मांस घट्ट होतं. फार वेळ ठेवायचं नाही, मांस भुसभुशीत होतं. मग अर्धा चमचा हळद, तीन चमचे तिखट, दहा पाकळ्या लसूण पाट्यावर वाटून. आणि पाच तिरफळं. तिरफळाचं बी टाकून द्यायचं, वास सालीत असतो. ती वाटायची नाहीत, नुसती चेचायची. जीभ थोडी बधिर झाली पाहिजे. बांगडा आणि तारली तेलकट मासळी, तिला तिरफळ लागतं. पापलेटला, मांदेलीला घालू नये, त्यांची चव मरते. तिरफळाचं काटेरी झाड रानात आपोआप वाढतं, म्हणून ती विकत आणायची वस्तू नव्हती. पोरं आणायची ओरबाडून घेत.

एवढं लावून झालं की अर्धा तास मुरवायचं, तांदळाच्या पिठात घोळवायचं आणि बेताच्या तेलात तव्यावर. पिठामुळे मसाला करपत नाही. सोमेश्वर राजाचं गव्हाचं पीठ तेच काम करत होतं. फरक एवढाच की राजा मसाला वरून भुरभुरत होता, आपण आतून चोळतो. ज्याच्याकडे वेलदोडे आहेत त्याला शेवटी टाकून वास दाखवायचा असतो. ज्याच्याकडे मीठ-तिखट आहे त्याला ते हाडापर्यंत पोचवायचं असतं.

बोंबलाचं वेगळं. बोंबलाच्या अंगात पाणीच फार. तो मधून चिरून, उघडून, मीठ लावून दोन फळ्यांमध्ये ठेवायचा आणि वर पाटा. तासाभराने चपटा होतो, मग मसाला धरतो. पाट्याचा असाही उपयोग.

वर्षाचं तिखट एप्रिल-मे मध्ये. मिरचीचे देठ काढून दोन-तीन कडक उन्हं द्यायची. आमच्या घरात किलोभर मिरचीला पाव किलो धणे, थोडे जिरे-मिरे, दालचिनी-लवंग असलीच तर. प्रत्येक जिन्नस वेगळा भाजायचा, कारण धणे भाजेपर्यंत जिरं जळतं. बरणीत दाबून भरायचं आणि मधे हिंगाचे खडे, म्हणजे कीड लागत नाही. वसई-वांद्र्याकडच्या ईस्ट इंडियन लोकांचा बाटली मसाला आहे, त्यात वीस-पंचवीस जिनसा. तो काळपट बाटल्यांत काठीने ठासून भरतात, हवा राहू देत नाहीत. ईस्ट इंडियन हे नावही त्यांनी १८८७ साली, व्हिक्टोरिया राणीच्या ज्युबिलीच्या वर्षी घेतलेलं. मसाला मात्र किनाऱ्यावरचाच, आणि तोही कुटायला मसालेवाल्या बाया दारोदार फिरायच्या. लाकडी उखळ, उंच मुसळ, दोघी समोरासमोर.

दलितांच्या खाण्यावर लिहिणारे हल्ली काहीजण आमच्या साध्या मसाल्याचं फार कौतुक करतात. कमी तेल, कमी जिनसा, मासळीची मूळ चव, वगैरे. मला ते पटत नाही. तेल कमी होतं कारण बाटलीत तेल नव्हतं. नारळ नव्हता कारण माड दुसऱ्याच्या वाडीत होता. त्याला आरोग्य म्हणू नये. पण उलट बाजूने, ‘त्यांना काय मसाल्यातलं कळतं’ असं म्हणणाराही तितकाच खोटा. मिठाने पाणी काढणं, आंबटाने वास मारणं, केळीच्या नाहीतर हळदीच्या पानात गुंडाळून तेलाच्या थेंबाशिवाय निखाऱ्यावर बांगडा भाजणं, हे शास्त्र आहे. तेल नसतानाही मसाला मासळीला धरून कसा राहील, हा प्रश्न ज्यांच्यापुढे होता त्यांनी तो सोडवला. ज्यांच्याकडे तेलाचा बुधला होता त्यांना तो पडलाच नाही.

देशावर ओली मासळी पोचतच नव्हती. तिथे सुकट, जवळा, सुके बोंबील. आठवडी बाजारात ते तागाच्या पोत्यावर मांडलेले, आणि गिऱ्हाईक बहुतेक आमचं. सुक्या मासळीत मीठ आधीच असतं, म्हणून मसाल्यात मीठ नाही. बोंबील तव्यावर कोरडेच भाजायचे, तुकडे करायचे, कोमट पाण्यातून काढून पिळायचे, मग लसूण-तिखट चोळायचं. हातात भाकरी. शाहू पाटोळ्यांनी २०१५ साली ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ लिहिलं, मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या खाण्यावर. नावातच सगळं आलं. त्याच्या आधी २००९ साली पुणे विद्यापीठाच्या स्त्री अभ्यास केंद्राने दलितांच्या खाण्याच्या आठवणी गोळा करून इंग्रजीत छापल्या. म्हणजे आमच्या चुलीला पुस्तकाचं पान मिळालं ते एकविसाव्या शतकात. लक्ष्मीबाई धुरंधरांचं ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ आलं होतं १९१० च्या सुमारास, त्यात मासळी आहे, आणि चांगली आहे. शंभर वर्षांचं अंतर आहे हे. एक हजार पाकक्रियांच्या मधे कुटणाऱ्या बाईला किती आणे द्यावेत याची एक ओळ असती तर इतिहासाचं काम सोपं झालं असतं.

गिरणगावातल्या खानावळी म्हंजे बायकांचा धंदा. गाळ्यात दहा-वीस गडी, त्यांचा दोन वेळचा डबा, आणि बुधवार-रविवार तळलेली तुकडी. १९७५ साली प्रेमा पुरवांनी या खानावळवाल्यांची अन्नपूर्णा महिला मंडळ ही संघटना बांधली, म्हणून निदान त्यांची गणती झाली, बँकेची कर्जं मिळाली. खानावळवालीच्या मागच्या गल्लीतली कुटणारी कुठल्या रजिस्टरात आली नाही. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. अडीच लाख कामगार बाहेर. गडी गावी गेले, खानावळींची उधारी बुडाली, तुकडी गेली, मग कुटणं गेलं. आजी त्या वर्षी भाजीच्या पाटीवर बसली.

लालबागला आता विजेचे डंक आहेत. लोखंडी मुसळं खाली-वर होतात, कुणी गात नाही, गायलं तरी ऐकू येणार नाही. मिरची निवडायला आणि भाजायला बायाच असतात. एप्रिलमध्ये तिकडून गेलं की बसमधली माणसं शिंकतात. गिऱ्हाईक समोर उभं राहून डोळ्यांदेखत कुटून घेतं, भेसळ होऊ नये म्हणून. कुटणारीची जात विचारत नाही. कोरडंच आहे ना. ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या बीडीडी चाळीतल्या पहिल्या ५५६ घरांच्या किल्ल्या लोकांना मिळाल्या. बरं झालं. चांगली घरं आहेत, संडास घरात आहे, यासाठी माणसांनी जन्म काढले. पाटा घेऊन वर कोण जाणार? लिफ्टमध्ये पाटा नेणाऱ्याकडे वॉचमन बघतो. मिक्सर आहे, लसूण एका मिनिटात होते. त्याबद्दल गळा काढायचं कारण नाही. ज्यांनी पाट्यावर पाठ मोडली त्यांना विचारा, त्या मिक्सरच मागतील.

तरीपण ज्यांच्या घरी पाटा अजून आहे, आणि टाकी लावणारा अजून कुठे भेटतो, त्यांच्यासाठी एक सांगायचं राहिलं. तुकड्यांना मसाला लावून झाला की पाट्यावर, वरवंट्याच्या बुडाला, टाकीच्या दातांत बरंच काही अडकून राहतं. तिथे वाटीभर पाणी घालायचं, हाताने पाटा नीट पुसून घ्यायचा आणि ते लाल पाणी टोपात काढायचं. मुंडकी-शेपट्या उरलेल्या असतातच. त्या त्यात टाकायच्या, दोन आमसुलं, मीठ बघून. तुकडी कामावरून येणाऱ्याच्या ताटात जाते. हे कालवण वाटणारीचं.